अर्धा क, पूर्ण क

महापालिकेच्या दगडी इमारतीसमोर, फुटपाथवर,
आम्ही सात टंकलेखक होतो. आता दोन.
मी, आणि तो दुसरा, ज्याला ऐकू येत नाही.

ती आली मंगळवारी, जेवणाच्या सुट्टीआधी.
धुऊन वाळवलेल्या दुधाच्या पिशव्यांतून
एकेक कागद काढत राहिली:
सेवापुस्तकात अनसूया भिकाजी घाडी,
आधारवर अनुसया घाडीगावकर,
बँकेच्या पासबुकात नुसती अंशाबाई.
एका बाईची तीन नावं
आणि चौदा महिने तिघींपैकी एकीलाही पैसे नाहीत.

खिडकी क्रमांक नऊ म्हणते, बँकेत विचारा.
बँक म्हणते, वरून थांबवलंय.
वर म्हणजे कुठे, ते कोणी सांगत नाही.
नोव्हेंबरात हयातीचा दाखला दिला होता तिने,
साहेबासमोर उभं राहून सही केली होती.
तो ज्या अनसूयेच्या नावे जमा झाला
ती जिवंत आहे म्हणे;
पेन्शनवाली अनसूया रेकॉर्डवर सापडत नाही.

मी कागद चढवला, सवयीने सुरू केलं:
"मी एक गरीब, निराधार विधवा असून..."
"थांब. वाच काय लिवलंस."
मी वाचलं.
"निराधार कोण? घोवान माझ्या एकतीस वर्सां नोकरी केल्यान."

नवरा चावीवाला होता, ई वॉर्डात.
पहाटे पावणेचारला
छातीएवढी लोखंडी चावी खांद्यावर टाकून निघायचा,
रस्त्यातलं झाकण उघडून वाकायचा,
फेरे मोजायचा. डॉकयार्ड रोडला बावीस,
घोडपदेवला सत्तावीस.
एक फेरा कमी पडला तर तिसऱ्या मजल्यावर पाणी चढत नाही,
आणि तिसरा मजला शिव्या द्यायला तळमजल्यापर्यंत उतरतो.
(हे ती सांगत होती, मी टाइप करत नव्हतो.)
तो गेला त्या दिवशीही नळ वेळेवर आला, म्हणाली.
बदलीवाल्याने फेरे बरोबर मोजले होते.
त्याच पाण्याने आंघोळ घातली त्याला.

दुसरा कागद चढवला.
शेवटाला आलो: "कृपा करून सहानुभूतीपूर्वक विचार व्हावा."
"कृपा नको," ती म्हणाली.
"घोवाचां नाव भिकाजी होतां, पण भीक नाय मागली कधी.
हक्क लिव. आणि चौदा म्हयन्यांचां व्याज."

व्याजाचं मी तीस वर्षांत
कुणा बाईसाठी लिहिलं नव्हतं.

माझ्या यंत्रावर
कृपा एका दमात उमटते.
सहानुभूती लांबलचक, पण बोटांना पाठ.
हक्क लिहायला आधी अर्धा क दाबावा लागतो, मग पूर्ण,
आणि माझा अर्धा क कित्येक वर्षं अडकतोय,
नखाने उचकून सोडवावा लागतो.
ती उन्हात उभी राहिली तेवढा वेळ.
मग उमटला, जरा वर सरकलेला,
ओळीत न बसणारा.
खोडून पुन्हा मारू का, विचारलं.
"वाचूक येता मा? मग रवांदे."

चाळीस रुपये दिले, कार्बनची प्रत मागून घेतली.
चार वाजता परत आली मला दाखवायला:
आवक शिक्का, तारीख, क्रमांक.
मी म्हटलं, बघू या.
"तू कित्याक बघतंस? तेंनी बघूचां."

पैसे आले का, ठाऊक नाही.
अर्ज लिहिणाऱ्याला निकाल कळवत नाहीत.

दुसऱ्या दिवशी पहाटे आमच्याकडे नळ आला.
आधी नुसती हवा, घशात खाकरल्यासारखी,
मग पाणी.
मी बादली लावली,
आणि कुठल्याशा रस्त्यावर अंधारात वाकलेल्या
कोणाचे तरी फेरे मोजायला लागलो.
अकरापर्यंत मोजले.
मग बादली भरली.